आईची मनाई आणि जहाजाचे नाते : त्रिनिदादच्या राष्ट्रकथनातील वंश आणि स्थलांतर

३१ ऑगस्ट १९६२ रोजी त्रिनिदाद आणि टोबॅगो ही ब्रिटिशांची वसाहत स्वतंत्र झाली. स्वातंत्र्याच्या मुहूर्तावर जनतेच्या हाती तिचा स्वतःचा इतिहास असावा, म्हणून पंतप्रधान एरिक विल्यम्स यांनी राज्यकारभाराच्या धबडग्यातच सुमारे महिनाभरात एक ग्रंथ लिहून काढला. 'हिस्टरी ऑफ द पीपल ऑफ त्रिनिदाद अँड टोबॅगो' हे त्याचे नाव. नव्या राष्ट्राच्या पहिल्या पंतप्रधानाने राष्ट्राला त्याचा इतिहास लिहून द्यावा, अशी उदाहरणे थोडी. आपल्याला साहजिकच नेहरूंचे 'डिस्कव्हरी ऑफ इंडिया' आठवेल. परंतु ते अहमदनगरच्या किल्ल्यात, सत्तेच्या अलीकडे बसून लिहिले गेले होते. विल्यम्स सत्तेच्या आसनावरून लिहीत होते, आणि हा फरक केवळ प्रसंगाचा नाही. तुरुंगातला लेखक राष्ट्र शोधतो; पंतप्रधान-इतिहासकार राष्ट्र जाहीर करतो.

ग्रंथाच्या अखेरीस विल्यम्स वाचकांपुढे एकेक मातृभूमी उभी करतात आणि एकेक बाद करत जातात. भारतातून आलेल्यांच्या वंशजांनी भारताला आई म्हणू नये, आफ्रिकेतून आणलेल्यांच्या वंशजांनी आफ्रिकेला म्हणू नये. इंग्लंड, चीन, सीरिया-लेबनॉन यांचीही तीच गत. शेवटी उरते ती एकच आई, त्रिनिदाद आणि टोबॅगो. आणि ही आई आपल्या लेकरांत भेद करणार नाही, अशी ग्वाही दिली जाते. हा उतारा त्या देशातील प्रत्येक राजकीय वादात कुणी ना कुणी उद्धृत करतो. राष्ट्रैक्याचा जाहीरनामा म्हणूनच बहुधा तो वाचला जातो. मला त्यात एक मनाई दिसते. सर्वांना सारखी लागू होणारी मनाई सर्वांना सारखी लागते का, हा प्रश्न तिथे विचारलेला नाही. त्रिनिदादच्या राजकारणातील वंशभेद हा दोन प्राचीन संस्कृतींच्या आपसुख झालेल्या टकरीतून जन्मला नाही. तो आधी मजुरीच्या कायद्यांनी घडवला आणि मग मतपेटीने पक्का केला. ज्या विद्वानाला हे सर्वांत चांगले ठाऊक असायला हवे होते, त्यानेच राष्ट्र लिहिताना ते बाजूला ठेवले, असे या लेखाचे म्हणणे आहे.

'कोण आधी आले' या वादाला त्रिनिदादमध्ये मुळातच फारसा अर्थ नाही. मूळ रहिवासी अमेरिंडियन जमातींचा स्पॅनिश राजवटीत जवळजवळ निःपात झाला. स्पेननेही हे बेट जवळपास ओसाडच ठेवले होते. १७८३च्या राजाज्ञेने कॅथलिक वसाहतकारांना जमिनीचे आमिष दाखवले, तेव्हा फ्रेंच मळेवाले आपापले गुलाम घेऊन शेजारच्या बेटांवरून येथे आले; त्यांत काही मिश्रवर्णीय मळेवालेही होते. १७९७ मध्ये इंग्रजांनी बेट जिंकले. म्हणजे बार्बाडोस किंवा जमैका यांच्या मानाने येथील गुलामगिरीचे युग अल्पजीवी ठरले; १८३४ साली मुक्त झालेल्या गुलामांची संख्या वीस हजारांच्या आसपास होती. मालक, गुलाम, शिपाई, मिशनरी, पोर्तुगीज दुकानदार, चिनी मजूर, सारेच अलीकडचे. येथे कुणाचीच मुळे खोल नव्हती, एवढे ध्यानात ठेवले म्हणजे पुढची हकिगत समजते.

१ ऑगस्ट १८३८ रोजी उमेदवारीची अट संपून गुलाम खऱ्या अर्थाने मोकळे झाले आणि त्यांनी मजुरीचा भाव करायला सुरुवात केली. मळेवाल्यांना हे सोसवेना. 'मजुरांची टंचाई' हा त्यांचा शब्द. टंचाई माणसांची नव्हती. पडेल त्या दरात राबणाऱ्या माणसांची होती. ब्रिटिश गियानात जॉन ग्लॅडस्टन या मळेवाल्याच्या पुढाकाराने १८३८ सालीच कलकत्त्याहून दोन जहाजे भरून करारबद्ध मजूर आणले गेले. त्रिनिदादच्या किनाऱ्याला 'फतेल रझाक' हे जहाज ३० मे १८४५ रोजी लागले. त्यावर सव्वादोनशेच्या आसपास माणसे होती. तेव्हापासून १९१७ पर्यंत सुमारे १ लाख ४४ हजार माणसे त्रिनिदादला आणि सुमारे २ लाख ३९ हजार गियानाला गेली. बहुतेक आजच्या उत्तर प्रदेश-बिहारकडची, काही मद्रास बंदरातून निघालेली. आरकाट्यांनी या बेटाचे नाव 'चिनीदाद' असे उच्चारून साखरेच्या देशाची लालूच दाखवली, अशी आख्यायिका तेथे अजून सांगतात.

कराराची कलमे येथे विस्ताराने देण्याचे कारण नाही. एक मात्र सांगितले पाहिजे. करारभंग हा दिवाणी नव्हे, फौजदारी गुन्हा होता. कामावर न येणे, मळ्याबाहेर परवान्याविना सापडणे, 'आळस' करणे यांसाठी तुरुंग होता. पाच वर्षांची मुदत संपल्यावर मजुराला 'मोकळेपणाचा कागद' मिळे, आणि तो जवळ नसेल तर रस्त्यावरचा कुणीही शिपाई त्याला पकडू शके. थोडक्यात, भारतीय माणूस मळ्याबाहेर दिसणे हेच संशयास्पद होते. 'भारतीय लोक आपापल्यात राहतात, मिसळत नाहीत' हा पुढे शंभर वर्षे ऐकू येणारा आरोप प्रथम कायद्याने वस्तुस्थिती म्हणून घडवला आणि नंतर स्वभावदोष म्हणून त्यांच्या पदरात बांधला.

परंतु दुसरी बाजूही खरी आहे. या आयातीच्या खर्चाचा मोठा भाग, ढोबळमानाने एक तृतीयांश, सार्वजनिक तिजोरीतून दिला जाई. तिजोरी भरली जाई ती आयात मालावरच्या करांतून, म्हणजे मुक्त झालेल्या आफ्रिकी वंशाच्या मजुरांच्या रोजच्या गरजांतून. आपली मजुरी पाडण्यासाठी आणलेल्या माणसाचे भाडे आपल्याच खिशातून जावे, ही तक्रार वंशद्वेषाची नव्हती. ती पूर्णपणे विवेकी आणि आर्थिक होती. तिला वंशाची भाषा लागली, कारण समोर दिसत होता तो मळेवाला नव्हता. दिसत होता धोतर नेसलेला मजूर. त्यातच १८६९ पासून काही वर्षे परतीच्या जहाजाचा हक्क सोडणाऱ्यांना सरकारी जमिनीचे तुकडे दिले गेले. करोनी, चागुआनस, नापारिमा या टापूत भारतीयांची गावे वसली. मुक्त झालेल्या गुलामांना जमिनीपासून दूर ठेवण्यासाठी सरकारने तिचे भाव चढे ठेवले होते, ही गोष्ट त्यांचे वंशज विसरले नाहीत.

यानंतर १८८४च्या मोहरमकडे वळतो. इतिहासग्रंथांत तो परिच्छेदभराचा विषय असतो. माझ्या मते या साऱ्या कथेची गुरुकिल्ली तिथे आहे. त्रिनिदादमध्ये मोहरमला 'होसे' म्हणतात. हुसेनच्या नावाचा तो अपभ्रंश. कागद-बांबूचे ताबूत मिरवत मळ्यामळ्यांतून मिरवणुका निघत आणि गावाबाहेर पाण्यात त्यांचे विसर्जन होई. ताबुतांपुढे चालणाऱ्यांत हिंदू बहुसंख्य असत. आपल्याकडच्या गावोगावच्या ताबुतांत हिंदूंचा राबता ठाऊक असलेल्या मराठी वाचकाला यात नवल वाटणार नाही. ढोल वाजवायला आफ्रिकी वंशाचे लोक असत, ही गोष्ट मात्र नवी. मळ्यांच्या अलिप्त वसाहतींतून माणसे वर्षातून एकदा रस्त्यावर येत, आणि तीही एकत्र.

त्याआधी तीनच वर्षांपूर्वी, १८८१ मध्ये, पोर्ट ऑफ स्पेन येथे कार्निव्हलच्या 'कँबूले' मिरवणुकीत पोलीस आणि लाठीबहाद्दर यांची मोठी चकमक झाली होती. जळत्या उसाच्या आठवणीची ती मशालींची मिरवणूक गुलामीतून सुटलेल्यांची. १८८४ मध्ये मशाली, ढोल आणि लाठ्या घेतलेल्या जमावांवर कायद्याने बंधने आली. त्याच वर्षी होसेच्या मिरवणुकांना सान फर्नांडो शहरात शिरण्याची मनाई झाली. साखरेचे भाव कोसळले होते, मळ्यांवर संप होत होते, आणि शहरात शिरणारा मजुरांचा जथा हा आता सरकारच्या लेखी सण राहिला नव्हता. ३० ऑक्टोबर १८८४ रोजी मिरवणुका नेहमीप्रमाणे शहराच्या वेशीशी आल्या. गोळीबार झाला. डझनभर तरी माणसे जागच्या जागी किंवा जखमांनी मेली, शंभराहून अधिक जखमी झाली. चौकशीसाठी जमैकाहून गव्हर्नर सर हेन्री नॉर्मन आले. हे गृहस्थ भारतातल्या लष्करात राहून १८५७ पाहिलेले. त्यांच्या अहवालाने पोलिसांना दोषमुक्त केले.

दोन मिरवणुका, दोन मनाया, एकच पोलीस दल, तीन वर्षांचे अंतर. वसाहतीच्या सत्तेला कँबूले आणि होसे यांत एकच धोका दिसत होता : राबणाऱ्यांनी रस्ता आपला म्हणणे. तरीही उत्तरकालीन राष्ट्रकथनात यांतली एक मिरवणूक राष्ट्राच्या उत्सवाची जननी ठरली. कार्निव्हल म्हणजे त्रिनिदाद. दुसरी एका समाजाची धार्मिक परंपरा म्हणून पर्यटनाच्या माहितीपत्रकात राहिली. हा निवाडा कुणी केला, केव्हा केला, याची नोंद नाही. 'क्रिओल' म्हणजे येथेच घडलेले, हा शब्द एका स्मृतीला लागला आणि दुसरीला लागला नाही. म्हणूनच १९६२ मध्ये सर्व आयांना एकाच वेळी निरोप देण्याचे फर्मान निघाले, तेव्हा एका समाजाला फारसे काही सोडावे लागले नाही. त्याची रीत हीच घरची रीत ठरून गेलेली होती. दुसऱ्याची विवाहपद्धती, नावे, देवळे, भाषा हे सगळे 'दुसऱ्या आईचे' म्हणून संशयाखाली आले.

विवाहाचा उल्लेख सहज केलेला नाही. १९४०च्या दशकाच्या मध्यापर्यंत हिंदू पद्धतीने झालेल्या विवाहाला त्रिनिदादच्या कायद्यात स्वतःचे स्थान नव्हते. स्वतंत्र नोंदणी केली नसेल तर त्या संबंधातील संतती अनौरस. मुस्लिम विवाहांना ही मान्यता जेमतेम दशकभर आधी मिळाली होती. ज्या राज्याने पिढ्यान्पिढ्या ज्यांच्या आईला कायदेशीर पत्नी मानले नाही, त्यांना त्याच राज्याचा वारसा घेतलेल्या नव्या सत्तेने 'राष्ट्र हीच तुमची आई' असे सांगावे, यातली विसंगती रूपकाच्या गोडव्यात बुडून जाते.

आणि भारतमाता? तिने काय केले? येथे महाराष्ट्राचा एक खरा धागा या कथेत येतो. गोपाळ कृष्ण गोखले यांनी १९१० मध्ये नाताळला जाणाऱ्या करारबद्ध मजुरांची भरती थांबवण्याविषयी, आणि मार्च १९१२ मध्ये ही पद्धतच सर्वत्र बंद करण्याविषयी मध्यवर्ती कायदे कौन्सिलात ठराव मांडले. दुसरा ठराव सरकारी मताधिक्याने फेटाळला गेला; पद्धत पुढे १९१७ मध्ये थांबली आणि उरलेले करार १९२०च्या आरंभी रद्द झाले. गोखल्यांचे ते भाषण आकडे, दाखले आणि संयत संताप यांचा उत्तम नमुना आहे. पण त्यातला एक मुद्दा आज वेगळ्या रीतीने वाचावासा वाटतो. जिथे ही पद्धत आहे तिथे हिंदी माणूस, मग तो कोणत्याही दर्जाचा असो, 'कुली' म्हणूनच ओळखला जातो, म्हणून ती राष्ट्राची मानहानी आहे, असे ते म्हणतात. मानहानी राष्ट्राची, मजूर हा तिचे निमित्त. जे करार संपवून तिथेच राहिले, ज्यांची मुले तिथल्या मातीत वाढली, त्यांना हा राष्ट्रवाद काय देऊ शकत होता? स्वातंत्र्यानंतर भारताने १९४८ मध्ये पोर्ट ऑफ स्पेन येथे आयुक्तालय उघडले, आणि त्याच वेळी जिथे राहता त्या देशाशी एकनिष्ठ राहा, हा उपदेशही नेहरूंनी परदेशस्थ भारतीयांना सातत्याने केला. उपदेश योग्यच होता. मात्र विल्यम्स यांनी १९६२ मध्ये ज्या आईचे नाव घेण्यास मनाई केली, तिने आपली लेकरे त्याआधीच दत्तक देऊन टाकली होती, ही गोष्ट त्रिनिदादमधल्या वादात क्वचितच कुणी लक्षात घेतो.

वेगळी वाट शक्य होती, याचा पुरावा १९३७ मध्ये सापडतो. जूनमध्ये फिझाबाद येथील तेलक्षेत्रात कामगारांचा उठाव झाला. त्याचा नेता ट्युबल युराया बटलर हा ग्रेनाडात जन्मलेला, म्हणजे त्रिनिदादच्या बोलीत 'छोट्या बेटावरचा', परका. उठावानंतर संघटना बांधली ती एड्रियन कोला रिएन्झी यांनी. या गृहस्थांचे मूळ नाव कृष्णा देवनारायण. भारतीय वंशाचा, इटालियन क्रांतिकारकाचे नाव धारण केलेला हा वकील आफ्रिकी वंशाच्या तेलकामगारांच्या आणि भारतीय वंशाच्या साखरकामगारांच्या अशा दोन्ही युनियनांचा अध्यक्ष होता. तेल आणि साखर यांनी एका माणसाला नेता मानले, ही गोष्ट कोणत्याही सांस्कृतिक सिद्धांतात बसत नाही. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात रिएन्झी सरकारी नोकरीत गेले आणि हा अध्याय मिटला. व्यक्तीच्या निवडीला इतिहासात किती वजन द्यावे याविषयी मतभेद असू शकतात; मी थोडे तरी देईन.

प्रौढ मतदानाचा प्रश्न निघाला तेव्हा मतदाराला इंग्रजी समजले पाहिजे अशी अट सुचवली गेली. भारतीयांच्या विरोधानंतर ती वगळली गेली आणि १९४६ मध्ये सार्वत्रिक मताधिकार आला. पण इंग्रजीचा प्रश्न हा मताचा प्रश्न आहे, मताचा प्रश्न हा समाजाचा प्रश्न आहे, हा धडा त्या वादाने शिकवून ठेवला. व्ही. एस. नायपॉल यांची 'द सफरेज ऑफ एल्व्हिरा' ही १९५८ची कादंबरी या मताधिकाराच्या पहिल्या दिवसांची. तिथे मतदार हिंदू, मुसलमान, निग्रो, स्पॅनिश अशा ढिगांत मोजले जातात आणि सौदा होतो. कादंबरी विनोदी आहे. तिच्यातला विनोद निर्दय आहे. मात्र नायपॉल यांना ही मोजणी खेडवळ लोकांच्या अंगभूत भ्रष्टतेसारखी दिसते. गठ्ठ्याने मोजण्याची सवय मळ्याच्या हजेरीपटावर लागली, हे ते दाखवत नाहीत.

जानेवारी १९५६ मध्ये विल्यम्स यांनी पीपल्स नॅशनल मूव्हमेंट हा पक्ष काढला, वुडफर्ड चौकात जनतेला इतिहासाची व्याख्याने दिली आणि सप्टेंबरच्या निवडणुकीत २४ पैकी १३ जागा जिंकल्या. मार्च १९५८ मध्ये वेस्ट इंडीज संघराज्याच्या निवडणुकीत मात्र विरोधी डेमोक्रॅटिक लेबर पार्टीला त्रिनिदादच्या दहापैकी सहा जागा मिळाल्या. १ एप्रिल रोजी त्याच चौकात विल्यम्स यांनी पराभवाची मीमांसा केली. भारतीय मतदारांना वंशाच्या नावाने आवाहन करणारे एक पत्र त्यांनी जमावाला वाचून दाखवले आणि भारताचे नाव वापरून स्वार्थ साधणारा, अडेल आणि वैरभाव धरणारा अल्पसंख्य समूह अशा अर्थाचे शब्द उच्चारले. विरोधी पक्षामागे गोरे व्यापारी होते, कॅथलिक मध्यमवर्ग होता; पण नाव घेतले गेले ते एकाचेच. त्रिनिदादमधील भारतीय वंशाची माणसे ते भाषण आजही विसरलेली नाहीत.

हे भाषण करणारा माणूस कोण होता? 'कॅपिटलिझम अँड स्लेव्हरी' (१९४४) या ग्रंथाचा कर्ता. गुलामगिरी वंशद्वेषातून जन्मली नाही, वंशद्वेष गुलामगिरीतून जन्मला. आधी मजुरीची गरज, मग कातडीचे तत्त्वज्ञान, हे ज्याने अटलांटिकच्या इतिहासाविषयी जगाला पटवून दिले तो. आफ्रिकी गुलामाच्या बाबतीत वंश हा परिणाम आहे असे सांगणारा इतिहासकार भारतीय मजुराच्या बाबतीत वंश हे कारण मानतो. १९६२च्या ग्रंथात भारतीयांच्या वाट्याविषयी प्रकरण आहे, करारपद्धतीच्या क्रौर्याची कागदपत्रेही आहेत, म्हणजे अज्ञान हे उत्तर नव्हे. उत्तर बहुधा रचनेत आहे. तो ग्रंथ वसाहतीपासून राष्ट्रापर्यंतचा सरळ चढ दाखवतो, आणि त्या चढावर भारतीय हे 'योगदान' करणारे म्हणून येतात. योगदान पाहुणा करतो. घरच्याला कुणी योगदानाचा हिशेब विचारत नाही.

आता 'छोट्या बेटांवरच्यां'कडे वळू. कारण स्थलांतर आणि राष्ट्र यांचा संबंध दोन समाजांच्या जमाखर्चात संपत नाही. तेलाच्या मजुरीसाठी ग्रेनाडा, सेंट व्हिन्सेंट, बार्बाडोस येथून माणसे त्रिनिदादला येत राहिली. ती आफ्रिकी वंशाची. तरी टिंगल, हद्दपारी, बेकायदा रहिवासाचा ठपका त्यांच्या वाट्याला आला. संघराज्यात माणसांना मुक्त संचार असावा की नाही, या प्रश्नावर पाय मागे ओढणारे त्रिनिदादचे सरकार विल्यम्स यांचेच होते. भारतीयांनाही मुक्त संचार नको होता, कारण येणारा प्रत्येक माणूस विरोधी मतदार ठरेल अशी भीती. सप्टेंबर १९६१ मध्ये जमैकाने सार्वमताने अंग काढून घेतले, त्रिनिदादने पाठोपाठ. १९६२ मध्ये संघराज्य विरले. गंमत अशी की, त्रिनिदादच्या राष्ट्रीय संस्कृतीचे मुकुटमणी म्हणून मिरवले जाणारे कितीजण या परक्यांतले! कॅलिप्सोचा बादशहा माइटी स्पॅरो ग्रेनाडात जन्मलेला. १९५९ मध्ये त्रिनिदाद थिएटर वर्कशॉप स्थापणारा डेरेक वॉल्कॉट सेंट लुशियाचा.

शेजारच्या गियानाची कथा अधिक रक्तरंजित आहे. येथे तिचा उल्लेखच पुरे. चेडी जगन आणि फोर्ब्स बर्नहॅम यांनी एकत्रितपणे १९५३ची निवडणूक जिंकली, लंडनने १३३ दिवसांत राज्यघटना स्थगित केली, १९५५ मध्ये पक्ष फुटला आणि १९६२ ते १९६४ या काळात शेजाऱ्यांनी शेजाऱ्यांची घरे जाळली. एकत्र जिंकलेल्यांना बाहेरून पाडले आणि मग आतून दुभंगू दिले, हा क्रम ज्यांना वंशद्वेष 'नैसर्गिक' वाटतो त्यांनी पाहावा.

साहित्याच्या अभ्यासकांनी या प्रदेशासाठी दोन चौकटी वापरल्या. बहुविध समाजाची एक : बाजारात भेटणारे आणि घरी परतल्यावर वेगळे असणारे समूह, एम. जी. स्मिथ यांनी ती कॅरिबियनला लावली. दुसरी क्रिओलीकरणाची : कामाऊ ब्राथवेट यांनी १९७१ मध्ये जमैकाच्या इतिहासावरून मांडलेली. पहिलीत मिश्रणाला जागा नाही. दुसरीत मिश्रणाचे मूळ द्रव्य आफ्रिका आणि युरोप हेच, भारतीय उशिरा आलेले. आपल्याकडे उत्तर-वासाहतिक समीक्षेतून 'संकरता' हा शब्द मोठ्या प्रतिष्ठेने आला आहे, म्हणून त्रिनिदादचा एक शब्द येथे पुढे ठेवतो : 'डुगला'. आफ्रिकी आणि भारतीय पालकांचे मूल. हा आपला भोजपुरी-हिंदीतला 'दोगला'च. संकरता सिद्धांतात साजरी होते; बोलीत ती शिवी होती. १९६१ मध्ये, कडव्या वांशिक निवडणुकीच्या वर्षी, 'माइटी डुगला' या नावाने गाणाऱ्या कलावंताने आपली पंचाईत गाण्यातून मांडली : सगळ्यांना आपापल्या पूर्वजांच्या देशी परत धाडायचे ठरले, तर माझे दोन तुकडे करणार काय? श्रोते हसले असतील. विल्यम्स यांच्या मातृ-उताऱ्याच्या एक वर्ष आधी त्यातली अडचण एका कॅलिप्सोने दाखवून ठेवली होती. दोन आया असलेल्या मुलाला दोन्ही सोडायला सांगणे, हे एकच आई असलेल्याला ती सोडायला सांगण्यासारखे नसते.

सॅम सेल्व्हन यांच्या 'अ ब्रायटर सन' (१९५२) मध्ये टायगर आणि ऊर्मिला हे कोवळे भारतीय जोडपे बाराटारियात राहायला येते. शेजारी जो आणि रीटा हे आफ्रिकी वंशाचे. ऊर्मिलेच्या बाळंतपणात रीटा धावून येते, आणि माहेर-सासरच्या मंडळींना नेमका तिचाच राबता खुपतो. तेथे एकोप्याचा उपदेश नाही, संस्कृतींचा संवादही नाही. शेजार आहे, आणि त्याची किंमत मोजावी लागते. वॉल्कॉट यांनी १९९२च्या नोबेल व्याख्यानाचा आरंभ करोनीच्या सपाटीवरील फेलिसिटी गावच्या रामलीलेने केला. एवढी वर्षे जवळ राहून आपण ती पाहिली नव्हती, आणि पाहिली तेव्हा प्रथम तिच्यात हरवलेल्या गोष्टीचा शोक शोधला. तिथे तर नुसता आनंद आणि श्रद्धा होती, अशी कबुली ते देतात. त्रिनिदादच्या राष्ट्रीय रंगभूमीचा हा शिल्पकार. फेलिसिटी पोर्ट ऑफ स्पेनपासून तासाभराच्या अंतरावर आहे.

१९७० मध्ये एक अनपेक्षित गोष्ट घडली. कृष्णवर्णीय पंतप्रधानाच्या सरकारविरुद्ध ब्लॅक पॉवरचे आंदोलन उभे राहिले, आणि १२ मार्च रोजी हजारो तरुण पोर्ट ऑफ स्पेनहून करोनीच्या उसाच्या प्रदेशाकडे चालत निघाले. भारतीय आणि आफ्रिकी यांनी एक व्हावे, ही त्यांची घोषणा. भारतीयांनी वाटेत पाणी दिले, बहुसंख्यांनी दारातून पाहिले. 'काळा' या शब्दात आपणही येतो की काय, हे त्यांना कुणी आधी विचारले नव्हते. तरीही साखरपट्ट्यातला असंतोष या आंदोलनाशी जुळू लागला, आणि साखरकामगारांचा मोर्चा निघण्याच्या बेतात असताना २१ एप्रिल रोजी आणीबाणी पुकारली गेली. पुढच्याच वर्षी अजित वाडेकरांच्या संघाने क्वीन्स पार्क ओव्हलवर वेस्ट इंडीजला प्रथमच हरवले. सुनील गावसकर तेथे पदार्पण करत होते. त्यांच्यावर लॉर्ड रिलेटर याने कॅलिप्सो रचला. मराठी घरांत हा पराक्रम आजवर सांगितला जातो. पाहुण्यांसाठी टाळ्या वाजवणाऱ्या भारतीय वंशाच्या प्रेक्षकांकडे शेजारचा प्रेक्षक कोणत्या नजरेने पाहत होता, ते आपल्या आठवणींत आलेले नाही.

१९९५ मध्ये 'फतेल रझाक'च्या आगमनाला दीडशे वर्षे झाली, ३० मे हा सुटीचा दिवस ठरला आणि नोव्हेंबरच्या निवडणुकीनंतर बासदेव पांडे हे भारतीय वंशाचे पहिले पंतप्रधान झाले. १९९६च्या कार्निव्हलमध्ये ब्रदर मार्व्हिन या मिश्रवंशीय गायकाचा 'जहाजी भाई' गाजला. एकाच जहाजातून आलेल्या, जातीपातीच्या पलीकडे एकमेकांना भाऊ मानणाऱ्या मजुरांचा हा शब्द. त्याने तो गुलामांच्या जहाजांपर्यंत ताणला. आफ्रिकी अस्मितेच्या काही पुरस्कर्त्यांना ही बरोबरी मान्य नव्हती, आणि त्यांचा आक्षेप हलका नव्हे : साखळदंड आणि अंगठ्याचा करार एक नसतात. पण या नात्यात आई लागत नाही, हे मला महत्त्वाचे वाटते. ते जन्माने लागत नाही, मायदेशाने लागत नाही, प्रवासाने लागते. आणि एखाद्याने जन्मदात्या आईला विसरावे अशी अट घालत नाही. २०१० आणि २०२५ मध्ये कमला प्रसाद-बिसेसर यांच्या नेतृत्वाखाली सत्तांतर झाले. २०११च्या जनगणनेत भारतीय वंशाचे ३५.४ टक्के, आफ्रिकी वंशाचे ३४.२ टक्के, आणि मिश्र म्हणून नोंदलेले २२.८ टक्के, त्यांत ७.७ टक्के डुगला. शिवी आता रकाना झाली होती.

पारिया आखाताच्या पलीकडे, जेमतेम काही मैलांवर, व्हेनेझुएला आहे. एकोणिसाव्या शतकात तिथून आलेल्या शेतमजुरांनी त्रिनिदादच्या उत्तरेकडच्या दऱ्यांत कोकोची लागवड केली; त्यांची नाताळची गाणी, 'पारांग', आज राष्ट्रीय ठेवा समजली जातात. गेल्या दशकात त्याच पाण्यातून त्याच देशातली माणसे होड्यांनी येऊ लागली. नोव्हेंबर २०२० मध्ये सोळा मुलांना, त्यांत तान्ही बालकेही होती, होड्यांत बसवून परत धाडण्यात आले, आणि न्यायालयीन हस्तक्षेपानंतर ती पुन्हा किनाऱ्यावर आली. त्याआधी, २०१९ च्या मे-जूनमध्ये, सरकारने दोन आठवड्यांची नोंदणी केली होती. १६,५२३ जणांनी नावे दिली. पोर्ट ऑफ स्पेनमधले नोंदणीकेंद्र क्वीन्स पार्क ओव्हल हे होते. रांग रात्रीपासून लागे, आणि रांगेत पोरे कडेवर घेतलेल्या बायका पुष्कळ होत्या.